काडी आणि कुसळ

वणवा कसा लागतो असं विचारलं, की शाळेत कधीतरी ऐकलेलं एक उत्तर हमखास येतं: बांबूवर बांबू घासतो आणि ठिणगी पडते. कडेगाव तालुक्यात हे उत्तर चालत नाही. कडेपूरच्या डोंगराईवर, सोनसळच्या चौरंगीनाथाकडे किंवा देवराष्ट्र्याच्या वरच्या सागरेश्वराच्या रांगेत अशी घासाघाशी व्हावी एवढी बांबूची बनंच नाहीत. वीज पडून लागला म्हणावं, तर आपल्याकडे वीज वळवाबरोबर येते आणि पेटवलेलं विझवायला बहुतेक वेळा पाऊसही सोबत आणते. कॅनडात किंवा सायबेरियात कोरड्या विजांनी मैलोन्‌मैल जंगल पेटतं. आपल्याला ती सबबही नाही. मग उरतो तो माणूस.

हा माणूस बहुतेक वेळा कुणाचं वाईट करायला निघालेला नसतो. तो उन्हाळ्याच्या आत बांध साफ करत असतो. ऊस कारखान्याला गेला, आता खोडव्याला पाणी द्यायचं, म्हणून फडातलं पाचट पेटवत असतो. आग्या मोहोळाला धूर देत असतो. किल्ल्यावर किंवा पठारावर मुक्कामाला आलेला असेल तर रात्री शेकोटीभोवती गाणी म्हणून सकाळी पाठपिशवी उचलून चालू लागलेला असतो. टेंभू योजनेचं पाणी आल्यापासून सोनहिरा खोऱ्यात ऊस डोंगराच्या पायथ्याला जाऊन भिडला आहे. पूर्वी फड आणि डोंगर यांच्यात ज्वारीची काढणी झालेली मोकळी रानं असायची. आता काही ठिकाणी पाचटाची झळ थेट डोंगराच्या गवताला लागते. पाण्याने सुबत्ता आणली आणि आगीला डोंगरापर्यंत जायची वाटही करून दिली. योजना आखताना हे कुणाच्या डोक्यात असणं शक्य नव्हतं.

आणि एक आग अशी, जी चुकून लागत नाही. ‘डोंगर पेटवला की पुढच्या साली गवत चांगलं येतं’ ही समजूत सातारा-सांगलीच्या डोंगरी पट्ट्यात फार जुनी आहे. तिला अडाणीपणा म्हणून मोडीत काढू नये, कारण ती अर्धी खरी आहे. बारमाही गवतांच्या मुळांत अन्न साठवलेलं असतं. वरचा वाळका भार जळून गेला आणि जमिनीवर ऊन पडलं, की पावसाचा थेंब नसतानाही बुडख्यातून हिरवी फूट निघते. जनावरं त्या कोवळ्या फुटीवर तुटून पडतात. गुराख्याने हे डोळ्यांनी पाहिलेलं असतं, त्यामुळे पोस्टर लावून त्याची समजूत बदलत नाही. त्याला उरलेली अर्धी गोष्ट सांगावी लागते. ती गोष्ट कुसळीची.

कुसळी हे आपल्या माळांवरचं सगळ्यांत ओळखीचं गवत. शास्त्रीय नाव हेटेरोपोगॉन कॉन्टॉर्टस. त्यातल्या ‘कॉन्टॉर्टस’चा अर्थच पिळलेलं. पावसाळा संपताना तिला जी काळपट, लांब कुसळं येतात, ती बियांची शेपटं असतात. बीचं टोक सुईसारखं, त्यावर मागे वळलेले बारीक केस, आणि वर दोरीसारखा पीळ घातलेलं शेपूट. हे शेपूट दव पडलं की उलगडतं आणि ऊन लागलं की पुन्हा पीळ खातं. रोज पहाटे उलगडायचं, रोज दुपारी पिळायचं. या फिरण्याने बी गिरमिटासारखं मातीत शिरतं, आणि मागे वळलेले केस त्याला परत बाहेर येऊ देत नाहीत. आपल्या पायमोज्यात घुसलेलं कुसळ उलटं ओढून निघत नाही, त्याचं कारण हेच.

आता वणवा येतो. गवताची आग दिसायला भयंकर, पण ती एका जागी फार वेळ थांबत नाही. वरचं जाळून पुढे पळते. तिची धग मातीत एक-दोन सेंटिमीटरच्या खाली फारशी पोचत नाही. वर पडलेलं बी भाजून जातं आणि जे आधीच आत शिरून बसलं आहे ते वाचतं. म्हणजे दरवर्षी पेटणाऱ्या उतारावर ही निवडणूक कोण जिंकणार ते ठरलेलंच आहे. दख्खनच्या गवताळ पट्ट्याला वनस्पतिशास्त्रात ‘सेहिमा-डायकॅन्थियम’ असं नाव आहे. त्या आपल्या पवन्या आणि मारवेल यांच्या जातकुळी, जनावरांना आवडणाऱ्या. अती चराई आणि पुन्हापुन्हा लागणारी आग यांनी ही गवतं मागे हटतात आणि कुसळीसारखी चिवट गवतं पुढे सरकतात. कुसळी कोवळी असताना जनावर खातं, कुसळं आली की तोंड फिरवतं. उरलेली वाळून उभी राहते आणि पुढच्या फाल्गुनात सगळ्यांत आधी तीच पेट घेते. गवतासाठी लावलेल्या आगीतून गवत कमी आणि सरपण जास्त, असा हा उलटा व्यवहार आहे.

राखेचं खत होतं हेही असंच अर्धं खरं. राखेत पालाश राहतं, चुना राहतो. नत्र मात्र धुराबरोबर हवेत जातं, आणि खताच्या पिशवीसाठी आपण पैसे मोजतो ते मुख्यतः त्याचेच. हेक्टरी आठ-दहा टन पाचट फडात पडलेलं असतं. ते सरीत दाबून कुजवणारे शेतकरी आता वाढत आहेत. त्यांच्यामुळे जमिनीचं भलं होतंच, शेजारच्या डोंगराचंही नकळत होतं.

आग डोंगरावर कशी वागते हे ज्याने पाहिलं नाही, त्याला ती सपाटीवरच्या आगीसारखीच वाटते. तसं नसतं. उतारावर ज्वाळा वरच्या बाजूला कलतात आणि पुढचं गवत पेटण्याआधीच तापवून, वाळवून ठेवतात. आगीचा अभ्यास करणाऱ्यांचा ढोबळ हिशेब असा, की चढ दर दहा अंशांनी वाढला की आगीचा वेग साधारण दुप्पट होतो. म्हणजे वीस अंशांच्या चढावर चौपट. माणसाचा वेग मात्र चढावर निम्म्याने घटतो. त्यात दुपारी तापलेल्या उतारावरची हवा वर चढत असते, तो वारा आगीच्या पाठीशी. ११ मार्च २०१८ रोजी तमिळनाडूतल्या थेनी जिल्ह्यात कुरंगणीच्या डोंगरात गिर्यारोहणाला गेलेल्या तरुणांचा गट असाच वाळक्या गवताच्या उतारावर आगीत सापडला. वीसहून अधिक जणांचा जीव गेला. ते काही घनदाट अरण्य नव्हतं. गवतच होतं, आपल्याकडे असतं तसलं.

म्हणून खालून आग येताना वर पळू नये. आडवं पळावं, नांगरट, उघडा खडक, ओढ्याचं पात्र जे जवळ असेल ते गाठावं. आणि सगळ्यांत सुरक्षित जागा म्हणजे आधीच जळून गेलेली, काळी झालेली जमीन. तिथे जळायला काही उरलेलं नसतं. अमेरिकेतल्या मोंटाना राज्यात ५ ऑगस्ट १९४९ रोजी मॅन गल्च नावाच्या घळीत विमानातून उतरलेले अग्निशामक जवान गवताच्या आगीपुढे पळत सुटले. त्यांचा म्होरक्या वॅग डॉज याने पळता पळता थांबून समोरचं गवत स्वतःच काडी लावून पेटवलं आणि त्या ताज्या राखेत तो पालथा पडून राहिला. बाकीच्यांना वाटलं, याचं डोकं फिरलं. त्या दिवशी १३ जण मेले, डॉज वाचला. ही युक्ती आपण करून पाहायची नाही, ती हुकली तर दुसरी संधी नसते. पण जळलेल्या जमिनीचं मोल तिच्यातून कळतं.

जाळरेषा ही त्याच तत्त्वावर चालते. थंडीच्या दिवसांत, दव असताना, वारा पडलेला असताना वनखातं डोंगरावर ठरावीक रुंदीचे पट्टे आखून त्यातलं गवत कापतं आणि माणसं उभी करून जाळून टाकतं. फेब्रुवारीत आग आली की ती त्या पट्ट्याशी येऊन उपाशी मरते, निदान मरावी अशी अपेक्षा. १५ फेब्रुवारी ते १५ जून हा वणव्याचा हंगाम मानला जातो, त्यामुळे रेषा त्याच्या आधी व्हायला हव्यात. कामाला मंजुरी आणि मजूर वेळेवर मिळाले तर होतात. उशिरा काढलेली जाळरेषा म्हणजे भर उन्हाळ्यात मुद्दाम लावलेली आग. तिच्यातून वणवा सुटला तर दोष कुणाला द्यायचा?

विझवण्याचं काम मात्र अजूनही बरंचसं हातांचंच आहे. वनरक्षक, हंगामी वनमजूर आणि गावातली पोरं. हिरव्या डहाळ्या मोडून घ्यायच्या आणि आगीच्या तोंडासमोर न जाता तिच्या कुशीतून, जळलेल्या बाजूने, तिला दाबत जायचं. झोडपायचं नाही. जोरात झोडपलं की ठिणग्या उडतात आणि मागे दुसरी आग उभी राहते. डहाळी टेकवून ओढायची. अलीकडे पाठीला अडकवायचे ब्लोअर आले आहेत. त्यांचा झोत ज्वाळेच्या बुडाशी मारला की वाळका पाला बाजूला होतो आणि ज्वाळा सुटी पडते. काम सोपं झालं, पण उन्हाळ्यात दुपारी यंत्र पाठीवर घेऊन डोंगर चढणं सोपं नाही. अंगात सुती कपडे हवेत. नायलॉन वितळतं आणि कातडीला चिकटतं.

आता शेकोटीकडे येऊ, कारण रानात आग पेटवण्यावरच्या बंदीचा सगळा वाद तिच्याभोवती फिरतो. आपल्याकडे उघड्यावर आग करणं ही काही परकी चैन नाही. हुरड्याची आगटी आहे, गोठ्याजवळची थंडीतली शेकोटी आहे, ऊसतोड टोळीची खोपीसमोरची चूल आहे, होळी तर आहेच. फरक जागेचा आणि हंगामाचा. आगटी पिकाच्या रानात, मोकळ्या काळ्या मातीत, पौषाच्या थंडीत पेटते. भोवती जळण्यासारखं काही नसतं आणि हुरडा संपेपर्यंत चार माणसं तिच्याभोवतीच बसलेली असतात. पठारावरचा कॅम्पफायर गुडघाभर वाळक्या गवतात, अनेकदा मार्चमध्ये पेटतो, आणि पेटवणारा सकाळी दोनशे किलोमीटर लांब निघून गेलेला असतो. कास, बामणोली, कोयनेच्या जलाशयाचे काठ, साताऱ्याभोवतीचे किल्ले, सगळीकडे हेच. कासचा समावेश २०१२ मध्ये पश्चिम घाटाबरोबर जागतिक वारशात झाला. वारसा पाहायला येणाऱ्यांपैकी सगळ्यांनाच काडी कुठे पेटवू नये हे ठाऊक असतं असं नाही.

शेकोटी विझवण्याबद्दल तर शहरातून आलेल्याचं आणि गावातल्याचं अज्ञान सारखंच असतं. ‘वर माती लोटली, झालं.’ ज्या घरात चूल होती त्या घरातल्या आजीला विचारा. काडेपेटी वाचवायची म्हणून ती रात्री निखारा राखेत पुरून ठेवायची आणि पहाटे राख बाजूला सारून फुंकर घालायची. राख आणि माती निखाऱ्याला मारत नाहीत. हवा जेमतेम पुरवून त्याला रात्रभर जपतात. शेणीचा निखारा तर आणखी चिवट, बाहेरून पांढरा, आत लाल. दुपारी वारा सुटतो, वरची माती उडते आणि आदल्या रात्रीची शेकोटी आपलं उरलेलं काम पूर्ण करते. विझवायचं तर पाणी ओतायचं, काठीने ढवळायचं, पुन्हा ओतायचं, आणि हाताची पाठ जवळ नेऊन ऊब लागते का पाहायचं. ऊब लागली तर ती विझलेली नाही. पाणी बरोबर नसेल तर पेटवायचीच नाही.

कॅनडाच्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतात शेकोटीचे नियम मापात सांगितलेले आहेत: उंची आणि रुंदी अर्ध्या मीटरच्या आत, भोवती एक मीटर जागा खरवडून मोकळी, आणि हाताशी आठ लिटर पाणी किंवा फावडं. रान कोरडं पडलं की तेवढीही परवानगी काढून घेतात, पाऊस झाला की परत देतात. डोंगरातल्या छोट्या गावांना ही बंदी कधी लागली आणि कधी उठली हे हवामानाच्या बातमीसारखं माहीत असतं.

आपला कायदा उलट्या टोकाने चालतो. १९२७ च्या भारतीय वन अधिनियमाच्या कलम २६ नुसार राखीव वनात आग पेटवणं, ठेवणं किंवा पेटती वस्तू घेऊन जाणं हा गुन्हाच आहे. वनअधिकाऱ्याने जाहीर केलेला हंगाम तेवढा अपवाद. अभयारण्यासाठी १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याचं कलम ३० वेगळं आहे. म्हणजे बंदी कायम, सूट अपवाद. कागदावर हे कडक आहे. पण बारमाही बंदी ही भिंतीवरच्या जुन्या पाटीसारखी होते, रोज दिसते म्हणून कुणी वाचत नाही. माझ्या मते ग्रामपंचायतीने फेब्रुवारी ते जूनसाठी वेगळी दवंडी, वेगळा ठराव करावा. आज वारा आहे, आज कुणी बांध पेटवायचा नाही, एवढं साधं.

याच कलम २६ मध्ये एक फारसं कुणाला माहीत नसलेलं पोटकलम आहे. जाणूनबुजून किंवा घोर निष्काळजीपणाने राखीव वनात आग लागली, तर त्या वनातले चराईचे आणि वनोपजाचे हक्क काही काळ स्थगित करण्याचा अधिकार सरकारला आहे. काडी एकाने टाकायची आणि कुरण सगळ्या गावाचं बंद. आणि कलम ७९ प्रमाणे, वनात हक्क बजावणाऱ्याने आग विझवायला मदत करणं ही मेहेरबानी नव्हे, बंधन आहे. साहेबाच्या काळात लिहिलेल्या या कायद्याचा तोरा त्यातून दिसतो. याच भागात, शिराळ्याच्या बिळाशीत, १९३० मध्ये लोकांनी जंगल सत्याग्रह करून जंगलचे कायदे मोडले होते. जंगल म्हणजे सरकारचं, जळलं तर सरकारचं जळलं, ही भावना त्या काळापासून मुरलेली आहे. दंडाची रक्कम वाढवून ती पुसली जाणार नाही.

म्हणून सागरेश्वराचं उदाहरण मला कायद्याहून मोठं वाटतं. कडेगाव, पलूस आणि वाळवा या तालुक्यांच्या हद्दी जिथे भिडतात तिथलं हे अभयारण्य, क्षेत्रफळ १०.८७ चौरस किलोमीटर, म्हणजे चांदोली-कोयनेच्या मानाने हातरुमालाएवढं. पर्जन्यछायेतला, उघडाबोडका झालेला डोंगर. मोहित्यांचे वडगावचे वृक्षमित्र धों. म. मोहिते यांनी ध्यास घेतला, माणसं जमवली, वनखात्याच्या मागे लागले, आणि माणसाच्या हाताने लावलेलं आणि राखलेलं हे वन १९८५ मध्ये अभयारण्य झालं. पायथ्याचं देवराष्ट्रे हे यशवंतराव चव्हाणांचं जन्मगाव. त्यांचंच नाव अभयारण्याला आहे. सांबर, चितळ, काळवीट इथे आणून सोडलेले. अशा लहानशा, चारी बाजूंनी शेतीने वेढलेल्या वनात वणवा शिरला तर जनावरांना पळायला दुसरं जंगल नाही. कुंपण, ऊस आणि रस्ता आहे. चांदोलीत एक उतार जळला तर हरीण पलीकडच्या खोऱ्यात जातं. इथे पलीकडचं खोरं म्हणजे कुणाची तरी द्राक्षबाग.

पाळत आता आकाशातूनही असते. डेहराडूनची भारतीय वन सर्वेक्षण संस्था उपग्रहांनी टिपलेले तप्त ठिपके वनखात्याला कळवते, आणि नाव नोंदवलं तर सामान्य नागरिकाच्या मोबाइलवरही संदेश येतो. व्हीआयआयआरएस हा संवेदक ३७५ मीटरच्या चौकटीतली आग पकडतो. पण तो वाहणारे उपग्रह आपल्या डोक्यावरून साधारण दुपारी दीडच्या आणि रात्री दीडच्या सुमारास जातात. दुपारी चारला पेटून रात्री आठला डोंगरमाथ्यावर विझलेला वणवा त्यांच्या नजरेतून सहज सुटतो, आणि आपल्याकडचे अनेक वणवे नेमके दिवेलागणीचे असतात. तिथे पहिला संदेश अजूनही पारावर बसलेला माणूस देतो: ‘डोंगर पेटलाय की रं!’ त्याने फोन करायचा तो वनखात्याच्या १९२६ या क्रमांकावर.

कुऱ्हाडबंदी आणि चराईबंदी हे शब्द महाराष्ट्राच्या गावांना नवे नाहीत. नगरच्या हिवरेबाजारने डोंगर चराईला बंद केला, पण गवत कापून न्यायची मुभा ठेवली: विळा घेऊन या, ठरलेले पैसे भरा, भारा घेऊन जा. मला यातली खरी गंमत त्या गावाच्या पाणलोटाच्या कामापेक्षा विळ्यात दिसते. कापून नेलेलं गवत गोठ्यात दूध होतं आणि डोंगरावर जळण उरत नाही. कुसळं भरण्याच्या आत, सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये विळा फिरला तर कुसळीचं बी मातीत जायच्या आधीच गोठ्यात जातं. पाच-सहा वर्षं असं चाललं, आग आली नाही, तर मारवेल परत यायला लागतं. मजुरी परवडत नाही हा आक्षेप रास्त आहे. वैरण विकत घ्यायची वेळ येते तेव्हा मात्र तो हिशेब पुन्हा मांडून पाहावा.

वणव्याचा ठपका पटकन मेंढपाळावर ठेवला जातो, आणि बऱ्याचदा पुराव्याशिवाय. खानापूर, आटपाडी, माणकडचे कळप पावसाळा सरल्यावर याच माळांवरून सरकत जातात. ज्या उताराला दर साली काडी लागते त्या उतारावरून आलेल्या मेंढीच्या अंगावरून हात फिरवला, तर लोकरीत कुसळं बोचतात. काही नुसती अडकलेली असतात. काही मातीत शिरावं तशीच, रोजच्या दवाने आणि उन्हाने फिरत फिरत, कातडीत शिरलेली असतात. संध्याकाळी वाड्यावर बसून ती एकेक करून उपटावी लागतात.